एडवर्ड ल्हुइड : स्नोडनचे फूल आणि पाच भाषा

वेल्सच्या वायव्य भागात स्नोडन नावाचा पर्वत आहे. त्याच्या उत्तराभिमुख कड्यांवर, जेथे माणसाचा आणि मेंढीचाही पाय पोहोचत नाही अशा भेगांतून, मे महिन्याच्या अखेरीस आणि जूनमध्ये एक लहानसे पांढरे फूल उमलते. पाकळ्यांवर तांबूस-जांभळ्या शिरा, दांडा वीतभरसुद्धा नाही, आणि पाने लव्हाळ्यासारखी बारीक. फूल नसताना ही वनस्पती आजूबाजूच्या गवतातून वेगळी काढणे जाणत्यालाही अवघड जाते. लिलिएसी म्हणजेच पलांडु कुळातील ही वनस्पती आर्क्टिक प्रदेशात, आल्प्समध्ये, उत्तर अमेरिकेच्या रॉकी पर्वतात आणि आपल्या हिमालयाच्या उंच कुरणांतही आढळते. ब्रिटनमध्ये मात्र स्नोडनच्या परिसरातील मोजके कडे सोडले तर ती कोठेही नाही. हिमयुगाचे बर्फ ओसरले तेव्हा थंडीच्या आश्रयाला उंचावर राहिलेल्या वनस्पतींपैकी ती एक होय. १९७५ साली ब्रिटिश संसदेने ज्या २१ रानवनस्पतींना कायद्याचे संरक्षण दिले, त्यांत तिचा समावेश होता.

या वनस्पतीची पहिली नोंद करणारा एडवर्ड ल्हुइड हा व्यवसायाने वनस्पतिशास्त्रज्ञ नव्हता. तो ऑक्सफर्डच्या ॲश्मोलियन संग्रहालयाचा पालक होता. भाषाशास्त्राच्या इतिहासात तो ओळखला जातो तो केल्टिक भाषांच्या तौलनिक अभ्यासाचा प्रवर्तक म्हणून. वनस्पतीच्या इतिहासात त्याचा उल्लेख ओझरता येतो, भाषेच्या इतिहासात वनस्पतीचा उल्लेखच येत नाही. परंतु त्याचे चरित्र पाहता ही दोन कामे दोन नव्हती असेच म्हणावे लागते. कड्यावरची वनस्पती आणि म्हाताऱ्याच्या तोंडचा शब्द या दोहोंकडे तो एकाच नजरेने पाहत होता.

ल्हुइडचा जन्म १६६० सालचा, इंग्लंड आणि वेल्स यांच्या सीमेवरील श्रॉपशर परगण्यातला. वडील एडवर्ड लॉइड हे ऑस्वेस्ट्रीजवळील लानफोर्दा येथील जमीनदार, आई ब्रिजेट प्राइस ही पश्चिम वेल्समधील एका घरंदाज कुटुंबातील. दोघांचा विवाह झालेला नव्हता. औरस नसलेल्या मुलाला त्या काळी वारसा मिळत नसे, आणि मिळाला असता तरी घ्यायला फारसे काही उरलेले नव्हते. यादवी युद्धानंतर घर कर्जात बुडाले होते आणि वडिलांचे १६८१ मध्ये निधन झाले. या बापाकडून मुलाला लाभले ते बागेचे वेड. कर्जबाजारी लानफोर्दाच्या बागेत नाना प्रयोग चालत आणि तेथे एडवर्ड मॉर्गन नावाचा एक वृद्ध, वनस्पतींचा जाणता माळी होता. झाडाकडे पाहावे कसे याचे पहिले धडे ल्हुइडला या माळ्याकडून मिळाले असावेत.

१६८२ मध्ये तो ऑक्सफर्डच्या जीझस कॉलेजात दाखल झाला. हे कॉलेज वेल्श विद्यार्थ्यांचे माहेरघर समजले जाई. पदवी मात्र त्याने त्या वेळी घेतली नाही, कारण पुढच्याच वर्षी ऑक्सफर्डात ॲश्मोलियन संग्रहालय उघडले आणि तो तेथे रमला. संग्रहालयाचा पहिला पालक रॉबर्ट प्लॉट याचा तो मदतनीस झाला आणि १६९१ मध्ये प्लॉटच्या जागी आला. त्यानंतर मरेपर्यंत तो त्याच इमारतीत होता.

त्याच्या नावाविषयी येथेच सांगितले पाहिजे. घराण्याचे आडनाव इंग्रजी वळणाचे लॉइड. त्याने ते टाकून ल्हुइड असे लेखन स्वीकारले. वेल्श भाषेत जोड 'ल' ने दाखविला जाणारा एक ध्वनी आहे. जीभ 'ल' च्या जागी टेकवून बाजूंनी नुसती हवा सोडली की तो निघतो. मराठी वाचकाने येथे आपला ळ समजू नये, तो ध्वनी आपल्याकडे नाही. तो इंग्रजांनाही साधत नाही, म्हणून ते त्याचा साधा 'ल' करतात. ल्हुइडने तो ध्वनी वाचणाऱ्याला निदान जाणवावा म्हणून 'ल' ला 'ह' जोडला. स्वतःच्या सहीपासून आरंभ झालेली ही उच्चारनिष्ठा पुढे त्याच्या सर्व भाषाकार्यात दिसते.

स्नोडनच्या डोंगरावर तो १६८८ मध्ये वनस्पती गोळा करीत हिंडला. तेथील वनस्पतींची यादी त्याने जॉन रे याला पाठविली. रे हा त्या काळातील इंग्लंडचा सर्वश्रेष्ठ वनस्पतिज्ञ. ब्रिटिश वनस्पतींचा त्याचा संक्षिप्त ग्रंथ १६९० मध्ये निघाला, त्यात वेल्सच्या उंच डोंगरावरील वनस्पतींच्या अनेक नोंदी ल्हुइडच्या आहेत. १६९६ मध्ये त्या ग्रंथाची दुसरी आवृत्ती झाली आणि तीत आपली वनस्पती प्रथम अवतरली. लिनीअसची दोन शब्दांची नावे तेव्हा अस्तित्वात नव्हती. वनस्पतीचे नाव म्हणजे तिचे वर्णन करणारे एक लांबलचक लॅटिन वाक्य असे. या वाक्याचा आशय असा की कंद असलेली, उंच पर्वतावरची, लव्हाळ्याच्या पानांची, वीतभर दांड्याच्या शेंड्यावर एकच ताठ बोंड धरणारी. या वर्णनात बोंड आहे, फूल नाही. ल्हुइडला ती फुलण्याचा मोसम उलटल्यावर भेटली होती. एखाद्या सामान्य संग्राहकाने सुकलेले गवत म्हणून जी सोडून दिली असती, ती पाने, कंद आणि एक बोंड एवढ्यावरून ही निराळी वनस्पती आहे हे त्याने ओळखले. माझ्या मते त्याच्या नजरेचा याहून चांगला पुरावा नाही.

याच डोंगरांत त्याला आणखी एक गोष्ट दिसली. लानबेरिस आणि नान्त फ्रँकन या दऱ्यांत प्रचंड धोंडे इतस्ततः पडलेले आहेत. ते वरच्या कड्यांवरून पडले असावेत हे उघड होते. ल्हुइडने चौकशी केली तेव्हा कळले की माणसांच्या आठवणीत असे दोनतीनच धोंडे पडले आहेत. खाली तर हजारो. मग त्याने साधा हिशेब केला. एका पिढीत दोनतीन धोंडे पडत असतील तर एवढे धोंडे साचायला जगाचे जे वय धर्मग्रंथांवरून ठरविले होते ते पुरत नाही. हे त्याने १६९२ च्या सुमारास रेला पत्राने कळविले. निष्कर्षाचा डंका मात्र त्याने पिटला नाही. आज आपण जाणतो की धोंडे तेथे आणून टाकण्यात हिमनद्यांचाही मोठा वाटा होता, म्हणजे हिशेबाचा पाया कच्चा होता. पण दगडाला वय विचारण्याची कल्पना कच्ची नव्हती, आणि ती विचारताना साक्षीला गावच्या म्हाताऱ्यांची स्मृती घेण्याची कल्पना तर खास ल्हुइडचीच म्हटली पाहिजे.

जीवाश्मांचेही त्याला असेच वेड. १६९९ मध्ये त्याने ब्रिटनमधील जीवाश्मांची लॅटिन सूची प्रसिद्ध केली. विद्यापीठाने छपाईचा भार उचलला नाही, तेव्हा न्यूटन, हान्स स्लोन, सॅम्युअल पेपिस यांच्यासारख्या चाहत्यांनी खर्च केला आणि अवघ्या १२० प्रती निघाल्या. जीवाश्मांचा उगम सांगताना मात्र तो चकला. समुद्रातील प्राण्यांची सूक्ष्म बीजे बाष्पाबरोबर उडून खडकांच्या फटींत शिरतात आणि तेथे वाढतात असे त्याचे अनुमान होते. लान्दाइलो येथे सापडलेल्या एका जीवाश्माला त्याने चपट्या माशाचा सांगाडा ठरविले. वस्तुतः तो कोट्यवधी वर्षांपूर्वी नष्ट झालेला ट्रायलोबाइट नावाचा संधिपाद प्राणी होय. तथापि त्याने काढविलेले चित्र इतके प्रामाणिक आहे की आजचा अभ्यासक त्यावरून प्राणी ओळखू शकतो. तर्क चुकला, निरीक्षण टिकले.

भाषेकडे तो वळला तो अशाच वाटेने. कॅम्डेनच्या 'ब्रिटानिया' या जुन्या ग्रंथाची नवी इंग्रजी आवृत्ती १६९५ मध्ये निघाली. तीत वेल्सच्या परगण्यांचा भाग सुधारण्याचे काम त्याच्याकडे आले आणि ते त्याने वेल्समध्ये हिंडून केले. त्याच सुमारास त्याने एका महाग्रंथाचा संकल्प सोडला. वेल्स आणि तिच्या भगिनी-प्रदेशांच्या भाषा, प्राचीन अवशेष, चालीरीती, वनस्पती, खनिजे या सर्वांचा त्यात समावेश व्हावयाचा होता. खर्चासाठी वर्गणीदार मिळवले. १६९६ च्या अखेरीस ३१ प्रश्नांचे एक पत्रक छापून त्याच्या ४,००० प्रती काढल्या आणि वेल्समधील प्रत्येक धर्मग्रामात तीन याप्रमाणे पाठविल्या. गावाच्या नावाची व्युत्पत्ती, उभे पाषाण, शिलालेख, जुनी हस्तलिखिते, सण आणि खेळ, गावचे खास शब्द, झरे, पक्षी, मासे, झाडे असे सर्व काही त्यात विचारलेले होते. ग्रियर्सनने भारतातील भाषांच्या पाहणीसाठी देशभर नमुने मागविले त्याच्या सुमारे दोन शतके आधीची ही गोष्ट. उत्तरे सर्व ठिकाणांहून आली नाहीत. जी आली ती मात्र अमोल ठरली. ती प्रसिद्ध व्हायला १९०९ साल उजाडावे लागले हा भाग वेगळा.

केवळ पत्रकावर विसंबून राहणारा तो नव्हता. १६९७ च्या मे महिन्यात तो तीन तरुण सहायकांसह निघाला आणि १७०१ च्या वसंतात परतला. चार वर्षांच्या या प्रवासात वेल्स, आयर्लंड, स्कॉटलंडचा पहाडी प्रदेश, कॉर्नवॉल आणि फ्रान्समधील ब्रिटनी एवढे प्रदेश त्याने पाहिले, आणि तेही पुष्कळसे पायी. आयर्लंडमध्ये १६९९ साली न्यूग्रेंज येथील प्रागैतिहासिक दफनस्थळ नुकतेच उघडे पडले होते. रस्त्यासाठी दगड काढताना मजुरांना त्याचे दार लागले होते. ल्हुइड रांगत आत गेला, आतील सर्पिल कोरीवकाम पाहून ठेवले आणि त्याचे पहिले वर्णन लिहिले. हे काम डेन लोकांचे असावे असा त्या काळचा समज होता. तेथे वरच्या थरात एक रोमन नाणे सापडले होते. त्यावरून टेकाड डेन लोकांच्या आगमनापूर्वीचे असलेच पाहिजे, हा निर्णय त्याने दिला. येथेही तीच रीत : लहानशी खूण आणि तीवरून काळाचा हिशेब.

प्रवासात पाहुणचार झाला तसा त्रासही झाला. दगड उचलणारे, गवत उपटणारे आणि खेडुतांना शब्द विचारणारे हे परके लोक कोण, असा संशय जागोजागी घेतला गेला. कॉर्नवॉलमध्ये त्यांना चोर समजून पकडले. ब्रिटनीत तर प्रकरण गंभीर झाले. इंग्लंड आणि फ्रान्स यांच्यात युद्धाची चाहूल लागलेली. ल्हुइडची टिपणवही पाहून तो हेर आहे असे ठरले आणि ब्रेस्टच्या किल्ल्यात १८ दिवस कैदेत ठेवून त्याला देशाबाहेर काढण्यात आले. त्यामुळे ब्रेटन भाषेच्या बाबतीत त्याला मुख्यतः छापील पुस्तकांवर अवलंबून राहावे लागले. ही उणीव ग्रंथात जाणवते.

कॉर्नवॉलमधील मुक्काम सर्वांत महत्त्वाचा. कॉर्निश भाषा तेव्हा परगण्याच्या पश्चिम टोकाच्या काही गावांतच उरली होती आणि तीही मुख्यतः वृद्धांच्या तोंडी. ल्हुइड तेथे सुमारे चार महिने राहिला, त्याने उच्चार टिपले, जुन्या हस्तलिखितांतील नाट्यकृती वाचल्या आणि व्याकरण रचले. त्या भाषेचे हे पहिले मुद्रित व्याकरण. अखेरची कॉर्निशभाषक म्हणून परंपरेने जिचे नाव घेतले जाते ती डॉली पेंट्रीथ १७७७ मध्ये वारली. त्यानंतर या भाषेचा उच्चार कसा होता हे सांगणाऱ्या साधनांत ल्हुइडच्या नोंदींना मोठे स्थान मिळाले. विसाव्या शतकात भाषेच्या पुनरुज्जीवनाची चळवळ उभी राहिली तेव्हा कार्यकर्त्यांना त्याच्याकडे वळावेच लागले. २००२ मध्ये ब्रिटिश सरकारने कॉर्निशला अल्पसंख्याकांची भाषा म्हणून मान्यता दिली.

स्कॉटलंडच्या गेलिक भाषेसाठी त्याने केलेली युक्ती मोठी मार्मिक आहे. जॉन रे याने शाळकरी मुलांसाठी एक विषयवार त्रिभाषी शब्दसंग्रह रचला होता. आकाश, पाणी, पशू, वृक्ष, शरीर, घर असे त्याचे गट. ल्हुइडने हाच संग्रह पुढे ठेवून पहाडी लोकांकडून दोन वेगवेगळ्या बोलींतील प्रतिशब्द लिहून घेतले. वनस्पतींची वर्गवारी शिकविणाऱ्या गुरूची शालेय पोथी अशा रीतीने भाषा-सर्वेक्षणाची शब्दयादी बनली.

'आर्किऑलॉजिआ ब्रिटानिका' या ग्रंथाचा पहिला खंड १७०७ मध्ये ऑक्सफर्डला छापून निघाला. त्यात वेल्श, कॉर्निश, ब्रेटन, आयरिश आणि स्कॉटिश गेलिक या भाषांची सामग्री आहे : तौलनिक शब्दसंग्रह, कॉर्निश आणि आयरिश व्याकरणे, आयरिश कोश, वेल्श हस्तलिखितांची सूची. या सर्वांसाठी त्याने एकच लिपिव्यवस्था योजली. एका ध्वनीला एक अक्षर, हा नागरीच्या सावलीत वाढलेल्या आपल्याला सहज वाटणारा नियम रोमन लिपीत आणण्यासाठी त्याला नवी चिन्हे पाडावी लागली, आणि वाचकांनी त्याबद्दल कुरकूर केली.

ग्रंथाचे मर्म पहिल्या प्रकरणात आहे. दोन भाषांतील शब्द सारखे दिसले की त्या नात्याच्या, असे तोवरचे पंडित समजत. ल्हुइड सारखेपणा बाजूला ठेवून फरकाकडे पाहतो, आणि फरक नियमित आहे की नाही ते तपासतो. वेल्श भाषेत डोक्याला 'पेन' म्हणतात, आयरिशमध्ये 'केन'. पुत्राला जुन्या वेल्शमध्ये 'माप' आणि आयरिशमध्ये 'माक', जो आपल्याला मॅक या आडनावांच्या उपसर्गामुळे परिचित आहे. चार या संख्येला वेल्श 'पेद्वार', जुने आयरिश 'केथिर'. एकीकडे 'प' तेथे दुसरीकडे 'क', हा क्रम एकदोन शब्दांपुरता नाही. केल्टिक भाषांची जी दोन शाखांत विभागणी आज सर्वत्र शिकविली जाते, तिच्या मुळाशी हे निरीक्षण आहे. याच भाषांत आणखी एक जोडी सापडते. मिठाला आयरिश 'सालन', वेल्श 'हालेन'. सप्ताह आणि हफ्ता, सिंधू आणि हिंदू या जोड्या ज्याला ठाऊक आहेत त्या भारतीय वाचकाला येथे घरचे माणूस भेटल्यासारखे वाटेल.

ल्हुइडला ध्वनिनियमाचे पूर्ण शास्त्र गवसले होते असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. अक्षरे अदलाबदल होतात एवढ्यावर तो पुष्कळदा थांबतो, का आणि कोणत्या परिस्थितीत होतात हे विचारीत नाही. ते काम एकोणिसाव्या शतकाने केले. परंतु सामग्री प्रथम गोळा करावी, ती सारख्याच रीतीने लिहावी, मग तुलना करावी, ही शिस्त त्याने वनस्पतींच्या अभ्यासातून आणली. बोंडाच्या आकारावरून जात ओळखणारा माणूस शब्दातील एका व्यंजनाला क्षुल्लक समजेल हे शक्य नव्हते.

वर्गणीदार मात्र हिरमुसले. वेल्समधील जमीनदारांनी पैसे दिले होते ते आपल्या घराण्यांचा आणि गढ्यांचा इतिहास वाचायला मिळेल या आशेने. हाती आला तो आयरिश कोश. पुढच्या खंडांत इतिहास, अवशेष आणि निसर्ग यायचे होते. ते आलेच नाहीत. १७०८ मध्ये तो रॉयल सोसायटीचा सदस्य झाला, आणि १७०९ च्या ३० जूनला, वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी, संग्रहालयातील आपल्या दमट खोलीत फुप्फुसाच्या विकाराने वारला. ऑक्सफर्डच्या सेंट मायकेल चर्चमध्ये त्याचे दफन झाले. मागे कर्ज होते आणि हस्तलिखितांचा डोंगर. त्याच्या जागी आलेला डेव्हिड पॅरी हा त्याच प्रवासातील सहकारी, विद्वान, पण दारूने संपलेला. तो १७१४ मध्ये गेला.

हस्तलिखितांची कथा सांगताना लेखणी जड होते. विद्यापीठाने ती घेतली नाहीत, त्याच्या कॉलेजानेही नाही. कर्ज फेडण्यासाठी ती १७१३ मध्ये सर टॉमस सेब्राइट या धनिकाला विकण्यात आली आणि दोनतीन पिढ्या कपाटात राहिली. १७८६ मध्ये एडमंड बर्कच्या खटपटीने त्यांतील आयरिश पोथ्या डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजला मिळाल्या. आयरिश वाङ्मयाचा आकरग्रंथ समजला जाणारा 'बुक ऑफ लेन्स्टर' त्यांत आहे. त्या वाचल्या. उरलेला संग्रह १८०७ मध्ये लिलावात फुटला. काही भाग हाफोद येथील टॉमस जॉन्सच्या वाड्यात गेला, तो वाडा त्याच वर्षी जळाला. काही लंडनच्या एका बांधणीवाल्याकडे होता, तेथे १८१० मध्ये आग लागली. काही विन्स्टे येथील विल्यम्स-विन घराण्याकडे होता, तो वाडा १८५८ मध्ये पेटला. पुढच्या खंडांसाठी चार वर्षे पायपीट करून जमविलेली टिपणे अशी तीन आगींत गेली. पहिला खंड रखडत का होईना छापला होता, म्हणून तो उरला.

बर्कच्या खटपटीचे १७८६ हे साल आपल्याला अन्य कारणाने पाठ आहे. त्या वर्षीच्या फेब्रुवारीत कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीपुढे सर विल्यम जोन्स यांनी संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन यांचा उगम एक असल्याचे प्रतिपादन केले आणि गॉथिक व केल्टिक भाषाही त्याच कुळातील असाव्यात असे सुचविले. जोन्सचे वडील, वर्तुळाच्या गुणोत्तराला पाय हे चिन्ह देणारे गणिती विल्यम जोन्स, वेल्समधील अँगलसी बेटाचे. ल्हुइडचा एक तरुण साहाय्यक मोझेस विल्यम्स याने जमविलेल्या वेल्श पोथ्या पुढे याच गणिती जोन्सने विकत घेतल्या होत्या. पित्याच्या पोथ्यांतून पुत्राच्या व्याख्यानापर्यंत सरळ रेघ ओढण्याचे कारण नाही, पुत्र तीन वर्षांचा असतानाच पिता वारला आणि पोथ्या एका उमरावाकडे गेल्या. मात्र केल्टिक हे एक भाषाकुल आहे ही गोष्ट १७८६ मध्ये एका वाक्यात गृहीत धरता आली, ती १७०७ च्या खंडानंतरच.

आता पुन्हा त्या वनस्पतीकडे. लिनीअसने तिला उशिरा येणारी या अर्थाचे जातिनाम दिले, प्रजाती मात्र एकदा ठरवून पुन्हा बदलली. १८१२ मध्ये रिचर्ड सॉल्सबरी या इंग्रज वनस्पतिज्ञाने ल्हुइडच्या स्मरणार्थ तिच्यासाठी स्वतंत्र प्रजाती सुचविली आणि १८३० मध्ये जर्मनीच्या रायखेनबाखने ते नाव रूढ केले. नाव ठेवले 'लॉइडिआ', म्हणजे ज्या इंग्रजी वळणाचा त्याने जन्मभर त्याग केला त्याच वळणाचे. तेही टिकले नाही. वंशसूत्रांच्या अभ्यासानंतर २००८ मध्ये ही प्रजाती जवळच्या 'गॅजिआ' प्रजातीत विलीन करण्यात आली. गॅजिआ हे नावही सॉल्सबरीनेच १८०६ मध्ये टॉमस गेज या इंग्रज हौशी वनस्पतिज्ञावरून ठेवलेले, सहा वर्षांनी जुने, म्हणून नामकरणाच्या नियमानुसार तेच उरले. शास्त्रीय नावातून ल्हुइड गेला.

वेल्श भाषेत तिला दोन नावे आहेत. एकाचा अर्थ पर्वतावरची लव्हाळपाती. दुसऱ्यात स्नोडनचे मूळ वेल्श नाव आहे, जे तेथील राष्ट्रीय उद्यानाने २०२२ पासून इंग्रजी नावाऐवजी वापरण्याचे ठरविले. १९७८ मध्ये वेल्समधील निसर्गाभ्यासकांनी ल्हुइडच्या नावाने एक संस्था काढली. तिचे कामकाज वेल्शमधून चालते, सभासद रानावनात भटकतात, आणि वनस्पती व प्राणी यांच्या वेल्श नावांच्या प्रमाण याद्या तयार करून छापणे हे तिने हाती घेतलेल्या कामांपैकी एक आहे.